मेलेल्यांना नोटीस वाचता येत नाही

प्रति,
घाट सुशोभीकरणाचं काम पाहणारी समिती,
नागपूर.

सन्माननीय सदस्यहो,

घाटाच्या फाटकावर तुम्ही चिकटवलेली नोटीस मी तीनदा वाचली. दक्षिणेकडच्या पट्ट्यातल्या समाध्या, दगड आणि ‘तत्सम बांधकामे’ संबंधितांनी पंधरा दिवसांत स्वखर्चाने हलवावीत, नाहीतर ती बेवारस समजून काढून टाकली जातील, असं तीत म्हटलं आहे. खाली शिक्का आहे, सही नाही. तारीख पाहिली तर पंधरातले नऊ दिवस आधीच उलटलेले. फाटकासमोरच्या चहावाल्याला विचारलं, ही लागली कधी? तो म्हणाला, “मावशी, परवा त लागली.”

घाटाचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही. नाव लिहिलं की हा एका प्रभागाचा प्रश्न होतो, आणि प्रभागाचा प्रश्न प्रभागातच विझवता येतो. नागपुरात घाट काही एक नाही. अंबाझरी, मोक्षधाम, गंगाबाई, मानेवाडा, मानकापूर, प्रत्येक भागाचा आपापला. बाकीचा महाराष्ट्र स्मशान म्हणतो, आपण घाट म्हणतो. ‘अकराला घाटावर’ एवढं म्हटलं की नागपूरच्या माणसाला आणखी काही सांगावं लागत नाही. एक अख्खा रस्ता इथे घाट रोड म्हणून ओळखला जातो आणि त्यावर दुकान थाटताना कोणाच्या मनात किंतु येत नाही. चिता पेटल्यावर शेडखाली उभं राहून शोकसभा घेण्याची आपली रीत, आणि तिच्यात मयताशी आयुष्यभर न बोललेल्या माणसानेच सगळ्यात लांब भाषण करण्याचीही रीत, तुम्हाला ठाऊक असेलच.

आता माझा या जागेशी काय संबंध, ते सांगते.

माझे वडील १९५५ पासून १९८८ पर्यंत या घाटावर नोंद कारकून होते. लोक त्यांना मुन्शीजी म्हणत. फाटकातून आत गेलं की डाव्या हाताला लाकडाची टाल, तिच्या अलीकडे कौलारू खोली, खोलीत एक टेबल आणि टेबलावर ती हातभर लांबीची वही. मयत आली की वडील लिहून घेत: नाव, बापाचं किंवा नवऱ्याचं नाव, वय, जात, धंदा, मोहल्ला, मरणाचं कारण, लाकूड किती. आधी मणात, साठच्या सुमारास किलोत. बायकांनी घाटावर पाऊल टाकायचं नाही, म्हणून मी त्यांचा डबा फाटकापर्यंत न्यायची आणि टालवाला तो आत पोचवायचा. आतलं जग मला त्यांच्या बोलण्यातूनच माहीत झालं.

१९६४ च्या श्रावणात माझा भाऊ अकरा दिवसांचा होऊन गेला. दात न आलेल्या लेकराला आपल्याकडे जाळत नाहीत, पुरतात. त्याला दक्षिणेकडच्या पट्ट्यात, चिंचेच्या पुढे पुरलं. त्या दिवशीची नोंद वडिलांनी केली नाही, टालवाल्याला करायला लावली. तो बिचारा तिसरी शिकलेला. अक्षर वाकडं, आडनावातला एक काना गळलेला, लाकडाच्या रकान्यात ‘निरंक’. वडील त्यानंतर चोवीस वर्षं त्या खोलीत बसले, वही त्यांच्या हाताशी होती, पण तो काना त्यांनी कधी घातला नाही. मी एकदा विचारलं तर म्हणाले, “नोंद झाली की झाली. मी खाडाखोड केली त उद्या कोणीबी करन.”

२००९ साली वडील गेले तेव्हा मी पहिल्यांदा ते फाटक ओलांडलं. अग्नी मीच दिला. भटजी कुरकुरले, पण घाटावरचे कर्मचारी मध्ये पडले, “मुन्शीजींची पोरगी हाय, देऊ द्या तिले.” ज्याने तो द्यायचा, तो चिंचेच्या पुढे होता.

ही झाली माझी बाजू. पण एवढ्यासाठी मी सगळ्यांदेखत पत्र लिहिलं नसतं, तुमच्या कार्यालयात येऊन हात जोडले असते. (तसे तीनदा जोडलेही. आवक क्रमांक मिळाला.)

तुमच्या आराखड्यात त्या पट्ट्याचा उल्लेख ‘पडीक जागा’ असा आहे. ती पडीक नाही. तिथे दात न आलेली लेकरं आहेत. देवीच्या साथीत गेलेली पोरं आहेत, कारण देवीने नेलेल्याला अग्नी द्यायचा नाही असं लोक मानत. लिंगायत आहेत, गोसावी आहेत, महानुभाव आहेत, ज्यांच्यात पुरण्याचीच चाल आहे. दगड थोड्यांवरच आहेत, दगडाला पैसे लागतात. बाकीच्यांची खूण म्हणजे एखादं तुळशीचं खोड, उलटा पुरलेला माठ, नाहीतर नुसता उंचवटा. चालताना तो पायाला कळतो, नकाशात उमटत नाही. ‘पडीक’ लिहिणाऱ्याने ती जागा गाडीतून पाहिली असावी.

हे शहर तीन वेळा राजधानी झालं. अठराव्या शतकाच्या आरंभी गोंड राजा बख्त बुलंद शाहने ते वसवलं, पुढे भोसल्यांनी इथे गादी मांडली. ११ डिसेंबर १८५३ ला तिसरे रघुजी वारस नसताना गेले आणि डलहौसीने राज्यच खालसा केलं. एका माणसाच्या मरणाने अख्खी राजधानी गेली, असं हे गाव आहे. मग १८६१ मध्ये मध्य प्रांताची राजधानी, पुढे वऱ्हाड त्यात आला, आणि १ नोव्हेंबर १९५६ ला तेही गेलं. आता हिवाळ्यात अधिवेशनापुरते आपण उपराजधानी. राजधानी जाताना फायली घेऊन जाते, माणसं इथेच ठेवून जाते. सचिवालयात कारकुनी करायला आलेले, १८७७ मध्ये एम्प्रेस मिल सुरू झाल्यावर मागावर उभे राहिलेले, छत्तीसगडातून मजुरीला आलेले, सगळे शेवटी कुठल्या ना कुठल्या घाटावर किंवा कब्रस्तानात पोचले. १९०१ च्या जनगणनेत नागपूरची वस्ती सुमारे १ लाख २७ हजार होती, २०११ मध्ये ती २४ लाखांवर गेली. मधल्या एकशेदहा वर्षांत इथे किती माणसं मेली असतील याचा हिशेब तुम्हीच करा.

त्यातल्या मोठ्यांची सोय झाली. भोसले राजांच्या समाध्या शुक्रवारी भागात आहेत. १८६४ मध्ये त्यांचा राजवाडा जळाला, फक्त मोठा दरवाजा उरला, तरी समाध्यांमुळे कोण कुठे आहे हे कळतं. १८१७ च्या नोव्हेंबरात सीताबर्डीच्या टेकडीवर लढताना पडलेल्या इंग्रज सैनिकांच्या कबरी किल्ल्यात जपलेल्या आहेत. २६ जानेवारी, १ मे आणि १५ ऑगस्टला किल्ला उघडतो तेव्हा आपलीच लेकरं रांग लावून त्या पाहून येतात. ताजुद्दीन बाबा १९२५ मध्ये गेले, ताजबागेत आजही पाय ठेवायला जागा नसते. त्याबद्दल माझी काही तक्रार नाही. पण जे राजे नव्हते, शिपाई नव्हते, बाबाही नव्हते, त्यांच्यासाठी या गावात दोनच गोष्टी आहेत: तो पट्टा आणि त्या वह्या.

वह्यांबद्दल तुमच्या नोटिशीत अक्षरही नाही, म्हणून मीच लिहिते.

कौलारू खोली तुम्ही जानेवारीत पाडली. तिच्यात १९३७ पासूनच्या वह्या होत्या, लाकडी कपाटात, मध्ये कडुनिंबाचा पाला घालून ठेवलेल्या. आज त्या टालीमागे पत्र्याच्या शेडखाली सतरा पोत्यांत भरलेल्या आहेत. मी पोती मोजली. दोन पोत्यांना खालून वाळवी लागली आहे. तिथल्या माणसाने मला सांगितलं की कबाडी येऊन भाव करून गेला. तुमच्यापैकी कोणी म्हणेल, जुन्या वह्यांचं करायचं काय, आता सगळं ऑनलाइन आहे. ऑनलाइन आहे ते अलीकडचं. जन्म-मृत्यू नोंदणीचा कायदाच १९६९ चा. त्याआधी गरीब माणूस मेल्याचा लेखी पुरावा किती ठिकाणी सापडतो, हे एकदा शोधून पाहा.

हे मला कसं कळलं तेही ऐका. २०११ मध्ये शेजारच्या मोहल्ल्यातला एक रिक्षावाला माझ्याकडे आला. मुलीला इंजिनिअरिंगला प्रवेश मिळत होता, जात वैधता प्रमाणपत्र अडलं होतं. जात पडताळणी समितीला अनुसूचित जातीसाठी १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा पुरावा हवा. त्याचे आजोबा मिलमध्ये होते, शाळेत कधी गेलेच नव्हते. त्यांच्याकडे शेत नव्हतं, म्हणजे सातबारा नाही, आणि खेड्यात असते तशी कोतवाल बुकातली, म्हणजे गावच्या जन्म-मृत्यूच्या वहीतली, नोंदही नाही. त्या माणसाच्या नावाचा एकच सरकारी कागद या जगात होता, तो म्हणजे तो मेल्याचा. घाटाच्या वहीत, १९४९ चा पौष, ‘जात’ आणि ‘धंदा’ दोन्ही रकाने भरलेले. नक्कल मिळाली. ती मुलगी आज पुण्यात नोकरी करते. इतर मागास वर्गासाठी ही तारीख १३ ऑक्टोबर १९६७ आहे, भटक्या-विमुक्तांसाठी २१ नोव्हेंबर १९६१. म्हणजे तुमच्या सतरा पोत्यांपैकी निम्म्यांहून जास्त कोणाच्या ना कोणाच्या पोराच्या ॲडमिशनची पोती आहेत.

आणि त्या वह्यांत आणखी काय काय आहे! १९५६ च्या आधीच्या पानांवर कारण ‘बुखार’ लिहिलेलं, नंतर ‘ताप’ होतं. सरकार बदललं हे कारकुनाच्या लेखणीला असं कळतं. १४ ऑक्टोबर १९५६ ला दीक्षा झाली, त्यानंतर काही दिवसांतच एक मयत आली. वडील सवयीने जात लिहायला गेले तर मयताचा मुलगा टेबलावर हात ठेवून म्हणाला, “महार लिहू नका मुन्शीजी, बौद्ध लिहा. बाप बौद्ध होऊन मेला.” वडिलांनी वरिष्ठांना विचारलं, ते म्हणाले, सांगतील तसं लिही. त्या रकान्यात ‘म’ लिहून थांबलेली लेखणी आणि पुढे ‘बौद्ध’ असं मी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं आहे. वडिलांनी आयुष्यात केलेली तेवढी एकच खाडाखोड. असं पान रद्दीच्या भावाने जाणार असेल तर किलोला किती मिळतात ते सांगा, मी दुप्पट देते.

नोंद नसली की काय होतं हेही या गावाने पाहिलं आहे. १९१८ च्या मानमोडीत, म्हणजे इन्फ्लुएंझाच्या साथीत, मध्य प्रांत आणि वऱ्हाड हा देशातल्या सगळ्यात जास्त होरपळलेल्या भागांपैकी होता. माझी आजी सांगायची, जळण संपलं, खांदेकरी संपले, एकाला पोचवून आलेला माणूस संध्याकाळी स्वतःच तिरडीवर. तिचे दोन दीर आणि एक नणंद त्या पंधरवड्यात गेली. ती कुठे आहेत, कोणाला ठाऊक नाही. आमच्या घाटाची त्या वर्षाची वहीच नाही. २०२१ च्या एप्रिलमध्ये घाटांवर ओटे रिकामे होईपर्यंत मयती थांबल्या होत्या, तेव्हा निदान पावती तरी फाटत होती.

आता पट्ट्यावर तुम्ही काय करणार ते आराखड्यात वाचलं. साठ गाड्यांचं पार्किंग, पेव्हर ब्लॉक, हिरवळ आणि मधोमध कारंजं. कारंजं कोणासाठी, हे मला खरंच समजून घ्यायचं आहे. पार्किंगचं म्हणाल तर त्रास खरा आहे. मोठी मयत असली की रस्ता तासभर तुंबतो आणि त्यात ॲम्ब्युलन्सही अडकते. पण घाटाच्या समोर, रस्त्यापलीकडे, जप्त गाड्या गंजत पडलेली मोकळी जागा आहे आणि तीही सरकारीच आहे. तिथे साठ काय, शंभर मावतील. मेलेल्यांना उठवणं गंजलेल्या गाड्या उचलण्यापेक्षा सोपं वाटलं, असंच याचं उत्तर असेल तर तसं लिहून द्या. शिवाय जमीन पेव्हरने बुजवली की पावसाचं पाणी जायचं कुठे, हा प्रश्न २३ सप्टेंबर २०२३ ची पुराची पहाट पाहिलेल्या शहरात तरी कोणाला समजावून सांगावा लागू नये.

मी सुधारणेच्या आड येणारी बाई नाही. शेडचा पत्रा गळतो, तो बदला. गॅसदाहिनी आणा. शेतातल्या काडीकचऱ्याच्या विटांवर दहन होतं, ते वाढवा, एका देहाला सुमारे तीनशे किलो लाकूड लागतं आणि तेवढी झाडं आता राहिली नाहीत. आणि बायकांसाठी एक संडास बांधा. आता लेकी-सुना सर्रास घाटावर येतात, तासन्‌तास थांबतात, आणि अख्ख्या परिसरात त्यांच्यासाठी आडोसासुद्धा नाही. तुमच्या आराखड्यात कारंजं आहे, संडास नाही.

माझं मागणं असं आहे.

पट्ट्यावरचं काम आजच्या आज थांबवा. नोटीस मागे घ्या आणि नवी काढायचीच तर सही करून काढा, मराठी, हिंदी आणि उर्दू वर्तमानपत्रांत द्या, मुदत निदान सहा महिन्यांची ठेवा. १९६४ च्या लेकराचे आईबाप आज घाटाच्या फाटकावरून रोज ये-जा करत नाहीत. मुदतीत पट्ट्याची नीट मोजणी करा, दगड आणि उंचवटे दोन्ही धरून, आणि मोजायला घाटावरचे जुने कर्मचारी बरोबर घ्या. कुठे काय आहे ते त्यांच्या पायांना माहीत आहे. चिंच आणि तिच्या पुढची जागा कुंपण घालून तशीच ठेवा. तिथे काहीही बांधू नका, माझ्या भावाची समाधीसुद्धा नको.

वह्या या आठवड्यात कोरड्या खोलीत हलवा, पावसाची वाट पाहू नका. २००५ चा महाराष्ट्र सार्वजनिक अभिलेख अधिनियम असे कागद ठरलेल्या रीतीशिवाय नष्ट करू देत नाही, हे त्या कबाड्याला नसलं तरी तुम्हाला माहीत असायला हवं. त्यांचं स्कॅनिंग करा, मूळ वह्या नागपुरातल्याच पुराभिलेख कार्यालयाकडे सोपवा आणि नक्कल मागायला आलेल्या माणसाला ती कुठे, कोणाकडे, किती दिवसांत मिळेल याची पाटी घाटावर लावा. आतापर्यंत किती वह्या होत्या, किती उरल्या आणि कपाट कुठे गेलं, याचाही लेखी हिशेब द्या. कपाट सागवानी होतं.

उत्तर मला लेखी हवं, आवक क्रमांकाचा उल्लेख करून, तीस दिवसांच्या आत.

तोपर्यंत मी रोज सकाळी दहा ते बारा फाटकासमोरच्या चहाच्या टपरीवर बसणार आहे. दोनशे पानी वही घेतली आहे. ज्यांचं कोणी त्या पट्ट्यात आहे त्यांनी यावं. नाव, साल, आणि जागा आठवत असेल तर जागा सांगावी. लिहून घेताना जात विचारणार नाही. काल पहिल्याच दिवशी एकोणीस नावं आली. त्यातली सात मुलांची, नाव ठेवायच्या आधीच गेलेल्यांची, म्हणून तिथे आईचं नाव लिहिलं आहे.

आपली,
घाटावरच्या मुन्शीजींची मुलगी
नागपूर